दमकाटा

मुहर्रकला हलव्याच्या दुकानामागे एक बोळ आहे,
दोन माणसं समोरासमोर आली
की एकाला भिंत व्हावं लागतं.
तिथल्या निळ्या दाराशी मला बोलावलं होतं
काटा दुरुस्तीला.

मी सोनारांचे काटे तपासतो, अठरा वर्षं झाली.
शून्य कुठे खोटं बोलतं ते मला पापणीवर कळतं.
पण हा काटा!
दांडी सागाची. आपल्याच बाजूचा साग,
नखाने खरवडून वास घेतला मी.
पारडी म्हणजे दोन मोठे शिंपले,
साखळ्यांच्या जागी कुणाच्या तरी केसांचे पीळ,
आणि मागे फळीवर एकतीस कुप्या,
बुचांना कासवाच्या पाठीचे चिमटे,
बुडी मारणारे नाक मिटायचे, तेच.

नोखदा मुबारक म्हणाले, नोखदा म्हणजे आपला नाखवा,
"यात श्वास आहेत."
यात लोणचं आहे म्हणावं, तसं.

जमात जुनी, तळ पाहून आलेल्यांची.
आता तिच्यात बँकेतला एक निवृत्त कारकून,
दोन टॅक्सीवाले, एक मासळीचा व्यापारी,
आणि दीक्षेला आलेला एक पोरगा, घामाघूम.
हंगाम उठायच्या रात्री ते कुप्या उघडतात.
जो वर आलाच नाही त्याचा श्वास एका शिंपल्यात,
नव्या माणसाने आपला सोडायचा दुसऱ्यात.
तेव्हा जुना श्वास बोलतो,
बुडीआधीचं शेवटचं जे काही असेल ते:
दोर घट्ट धर.
थोडं पाणी ठेव मला.
एकाने तर नुसती शिवी दिली
आणि सगळ्यांनी ती अदबीने मागे म्हटली.
मागे म्हटलं की दांडी सरळ.

फक्त एकतिसावी कुपी.
साठ वर्षं काटा तिच्या बाजूला कलतो तो कलतोच.

मी धार पाहिली. मीठ खरवडलं.
पाणसळ लावली, पंखा बंद करायला सांगितला,
कारकुनाला दारापासून उठवलं.
दोष नाही.
"मग उघडा," म्हटलं.

आधी खोबरेलाचा वास आला.
मग काहीतरी पुटपुटलं,
आणि जमात डोळे मिटून म्हणू लागली, डुलत,
अर्थ हरवलेल्या पवित्र गोष्टी म्हणतात तशी:
यत्तोगो. यत्तोगो. यत्तोगो.

मला हसू फुटलं.
मग जे फुटलं ते हसू नव्हतं.

"येतो गो म्हणतोय तो," मी म्हणालो.
"हर्णैचा असेल. नाहीतर दाभोळचा."
"म्हणजे काय?"
"म्हणजे, येतो."
"येत होता की जात होता?"
"जात होता."
नोखद्यांनी वहीतून मान वर केली.
"मग येतो का म्हणाला?"

आता हे अरबीत कसं सांगायचं,
माझी अरबी मापं आणि पैशांपुरती.
म्हटलं, आमच्याकडे उंबऱ्यावर जातो म्हणत नाहीत.
जाणारा येतो म्हणतो
आणि राहणारा त्याला बघत राहतो.
"नुसता बघतो?"
"नाही. तोही म्हणतो काहीतरी."
"काय?"

पोरगा, कारकून, टॅक्सीवाले, सगळे माझ्याकडे बघत होते.
साठ वर्षं यांनी त्याचंच त्याला परत केलं होतं,
उत्तर कुणीच दिलं नव्हतं.
मी शिंपल्याजवळ वाकलो.
घसा खाकरला, उगाचच.
"ये हां," म्हटलं. "सांभाळून ये."

दांडी हलली.
मी तरी सवयीने तीनदा मोजून पाहिलं.

बिलावर लिहिलं: दुरुस्ती, काही नाही. तपासणी, आठ दिनार.
खाली सही, बुरोंडकर.
नोखदा दहा देत होते, मी आठच घेतले.

रात्री खोलीवरून रुकय्याला फोन केला.
गळका नळ, धाकट्याचा दात, विमानाच्या तिकिटांचे भाव,
बोलणं झालं.
"ठेवतो," म्हणालो नेहमीसारखं,
आणि बोट बटणावर तसंच धरून राहिलो.
"हॅलो?" ती म्हणाली. "आहेस ना?"